जकातीनंतरचे सोलापूर : शहराची जमा बाजू

फेब्रुवारीची पहिली तारीख आली की नव्या पेठेपासून चाटी गल्लीपर्यंत दुकानादुकानांत एकच विषय असतो. केंद्रीय अर्थमंत्र्यांचे भाषण संपण्यापूर्वीच कोणाचा किती कर वाचला याचे हिशेब होऊ लागतात. २०२५ साली नव्या करप्रणालीत १२ लाख रुपयांपर्यंतच्या उत्पन्नावर प्राप्तिकर लागणार नाही अशी घोषणा झाली आणि त्या दिवशी करसल्लागारांचे दूरध्वनी रात्रीपर्यंत थांबले नाहीत. मार्चमध्ये राज्याचा अर्थसंकल्प येतो. त्याची चर्चा दोन दिवस टिकते. त्याच सुमारास आपल्या महानगरपालिकेचे अंदाजपत्रकही सादर होते, परंतु वृत्तपत्राच्या स्थानिक पानावरील एका बातमीपलीकडे त्याकडे कोणाचे लक्ष जात नाही. आपली भाषाही येथे सूचक आहे. दिल्लीच्या आणि मुंबईच्या कागदाला आपण ‘संकल्प’ म्हणतो, शहराच्या कागदाला मात्र केवळ ‘अंदाज’.

वस्तुतः घरातील नळाला पाणी केव्हा येणार, पेठेतील गटार कधी दुरुस्त होणार, दुकानासमोरील रस्त्याचे खड्डे कोण बुजविणार, हे सारे त्या तिसऱ्या कागदावर ठरते. आणि या तिन्ही कागदांत सर्वांत दुर्बळ कागदही तोच आहे. केंद्राचा २०२५-२६ चा खर्चाचा अंदाज सुमारे ५०.६५ लाख कोटी रुपयांचा होता. त्यांपैकी जवळजवळ १२.७६ लाख कोटी केवळ व्याजापोटी जाणार होते. महाराष्ट्राचा त्याच वर्षाचा अर्थसंकल्प ७ लाख कोटींचा आणि महसुली तूट ४५,८९१ कोटींची. हे आकडे मोठे आहेत, तुटीही मोठ्या आहेत, तथापि या दोन्ही सरकारांच्या हाती स्वतःचे कर आहेत आणि कर्ज काढण्याची पत आहे. महापालिकेला तुटीचे अंदाजपत्रक मांडता येत नाही. वर्षअखेरीस शिल्लक दाखवावीच लागते. मग ती शिल्लक कोठून येते, हा प्रश्न आपल्या व्यापारी समाजाला विशेष जवळचा असला पाहिजे. कारण सोलापूरच्या तिजोरीची एकेकाळची मुख्य जमा आपल्याच मालावर उभी होती.

ती जमा म्हणजे जकात. सोलापुरात आजही आपण जुना पुणे नाका, जुना तुळजापूर नाका, जुना विजापूर नाका असे पत्ते सांगतो. नाके उठले, पण नाव गेले नाही. शहराच्या हद्दीत वापरासाठी, उपभोगासाठी अथवा विक्रीसाठी येणाऱ्या मालावर वेशीवरच कर घ्यावयाचा, ही जकातीची साधी कल्पना होती. सुताच्या गाठी, किराणा, लोखंड, रंग, यंत्रांचे सुटे भाग यांपैकी जे काही हद्दीत येई, त्याचे बिल नाक्यावर दाखवावयाचे, दरपत्रकाप्रमाणे रक्कम भरावयाची आणि पावती घेऊन पुढे जावयाचे. बहुतेक पेढ्यांचे हे काम हुंडेकरी करीत आणि भाड्याच्या बिलात जकात लावून देत. माल शहरात न उतरता पुढे जाणार असेल तर त्याची वेगळी नोंद असे, आणि आलेला माल आहे त्याच रूपात परत बाहेर गेला तर परतावा मागता येई. तो परतावा हाती पडेपर्यंत मुनीमजींच्या किती फेऱ्या होत, हे जुन्या पिढीला विचारावे.

या कराविरुद्ध व्यापाऱ्यांनी वर्षानुवर्षे आवाज उठविला आणि त्यांचे म्हणणे खरे होते. नाक्यावर ट्रकांच्या रांगा लागत. मालाची किंमत बिलापेक्षा अधिक धरावी की नाही, हे कारकुनाच्या मनावर राही, आणि जेथे असा मनाचा कारभार असतो तेथे लाचेला वाट मिळते. सोलापूरसारख्या उत्पादक शहराला तर जकात अधिकच जाचक होती. दक्षिणेकडून आलेले सूत येथील मागावर चढे, त्याची चादर किंवा टॉवेल होऊन माल देशभर जाई. परंतु सूत ‘त्याच रूपात’ बाहेर गेलेले नसल्याने जकातीचा तो भार विणकराच्या किमतीत मुरून जाई. भौगोलिक मानांकन मिळालेली आपली चादर परगावच्या बाजारात स्पर्धा करीत असे ती हा अदृश्य बोजा पाठीवर घेऊन. म्हणूनच राजस्थानने १९९८ साली आणि गुजरातने २००७ साली महापालिकांची जकात बंद केली, तेव्हा महाराष्ट्रातील व्यापाऱ्यांनी आपल्यालाही हाच न्याय का नको, असे विचारणे स्वाभाविक होते.

परंतु जकातीची दुसरी बाजूही होती, आणि तिच्याविषयी आपण फारसे बोललो नाही. हा पैसा रोज येई, रोख येई आणि तो शहराचा स्वतःचा असे. त्यासाठी मंत्रालयात फाइल पाठवावी लागत नसे. बाजार वाढला की जकात वाढे, भाव चढले की तीही चढे. ज्या नगरपालिकेने १९३० साली आपल्या इमारतीवर राष्ट्रध्वज फडकविला आणि त्याच वर्षी ज्या शहराने लष्करी कायदा सोसला, त्या सोलापूरला स्वायत्ततेचा अर्थ वेगळा सांगण्याची गरज नाही. आपला खर्च आपल्या कमाईतून करणे, हा त्या स्वायत्ततेचा निदान अर्धा भाग असतो.

पुढील घटनाक्रम बहुतेकांच्या स्मरणात आहे, म्हणून तो थोडक्यात सांगतो. राज्यातील नगरपालिकांची जकात १९९९ साली बंद झाली. महापालिकांमध्ये २०१० पासून टप्प्याटप्प्याने तिच्या जागी स्थानिक संस्था कर, म्हणजे एलबीटी, आला. नाके उठले, पण व्यापाऱ्याने स्वतंत्र नोंदणी करावयाची, खरेदीच्या वह्या ठेवावयाच्या, दरमहा कर स्वतः मोजून भरावयाचा आणि पालिकेच्या अधिकाऱ्याला दप्तर तपासण्याचा अधिकार द्यावयाचा, असे त्याचे स्वरूप होते. मूल्यवर्धित करासाठी एक दप्तर आणि शहरासाठी दुसरे, ही दुहेरी कटकट कोणालाच मान्य नव्हती. २०१३ साली राज्यभर बंद पाळले गेले. अखेर १ ऑगस्ट २०१५ पासून ५० कोटींपर्यंत उलाढाल असलेल्या व्यापाऱ्यांना या करातून मुक्त करण्यात आले, म्हणजे जवळजवळ सारेच सुटले. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला आणि जे उरले होते तेही संपले. एलबीटीचा एक अवशेष मात्र आजही जिवंत आहे. शहरात घर किंवा गाळा खरेदी करताना मुद्रांक शुल्कासोबत जो १ टक्का अधिभार भरावा लागतो, तो याच नावाने ओळखला जातो.

येथे एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. जकात केवळ ‘बंद’ झालेली नाही. संविधानाच्या सातव्या अनुसूचीतील राज्यसूचीत ५२ क्रमांकाची जी नोंद होती, स्थानिक क्षेत्रात येणाऱ्या मालावरील कराची, ती १०१ व्या घटनादुरुस्तीने वगळण्यात आली. उद्या एखाद्या शहराने ठरविले तरी हा कर पुन्हा बसविता येणार नाही. त्याआधी ७४ व्या घटनादुरुस्तीने नागरी संस्थांना घटनात्मक स्थान दिले, बारावी अनुसूची जोडून अठरा विषय त्यांच्याकडे सोपविता येतील असे म्हटले. परंतु त्या अठरा कामांसाठी कोणते कर शहरांचे, याची सूची काही दिली नाही. कामांची यादी आहे, उत्पन्नाची नाही. अशी वाटणी कोणत्याही एकत्र कुटुंबातील धाकट्या भावाने मान्य केली नसती.

जकातीच्या जागी महापालिकांना काय मिळाले? राज्याने २०१७ मध्ये स्थानिक प्राधिकरणांना नुकसानभरपाई देण्याचा कायदा केला. २०१६-१७ हे आधारवर्ष धरून त्यावर दरवर्षी ८ टक्के चक्रवाढीने रक्कम दरमहा द्यावयाची, असे त्याचे सूत्र आहे. याच वेळी केंद्राने राज्यांना पाच वर्षांसाठी १४ टक्के वाढीची हमी दिली होती. चक्रवाढ काय असते हे आपल्या समाजाला शिकवावे लागत नाही. शंभर रुपयांचे पाच वर्षांत १४ टक्क्यांनी सुमारे १९३ होतात आणि ८ टक्क्यांनी सुमारे १४७. राज्याने स्वतःसाठी जो दर मिळविला, तो आपल्या शहरांना दिला नाही.

तरीही हे सूत्र अन्यायाचेच आहे असे म्हणणे योग्य होणार नाही. ८ टक्क्यांनी रक्कम नऊ वर्षांत दुप्पट होते. २०२० मध्ये टाळेबंदीत बाजारपेठा बंद होत्या, रस्त्यावर ट्रक नव्हते. जकात असती तर त्या महिन्यांत शहराच्या तिजोरीत जवळजवळ काहीच आले नसते. ठरलेल्या रकमेचा हा आधार मोठा होता. माझा आक्षेप रकमेपेक्षा रचनेवर आहे. पहिले असे की, आधारवर्षाचा आकडा ज्या शहराचा लहान, त्याची ८ टक्क्यांची वाढही लहानच राहते. जेथे जकातीची किंवा एलबीटीची वसुली आधीपासून दुबळी होती, तेथे तो दुबळेपणाच कायमचा पाया झाला. आणि दुसरे, बाजार आणि शहर यांच्यातील नाते तुटले. सोलापूरचा व्यापार वर्षाला १५ टक्क्यांनी वाढला तरी शहराला ८ टक्केच मिळणार, आणि व्यापार बसला तरीही ८ टक्केच. मग बाजार वाढावा यासाठी महापालिकेने धडपड का करावी? वाहनतळ, रुंद रस्ता, बाजारातील दिवे यांवर खर्च केलेला रुपया पूर्वी जकातीच्या रूपाने काही अंशी परत येत असे. आज तो परत येण्याची वाट उरलेली नाही.

एक साधे उदाहरण घेऊ. चाटी गल्लीत ५०० रुपयांची चादर विकली गेली. ५ टक्के दराने तिच्यावर २५ रुपये कर. साडेबारा केंद्राचे, साडेबारा राज्याचे. ज्या रस्त्यावरून गिऱ्हाईक आले, ज्या पालिकेने रात्री तो रस्ता झाडला, तिच्या नावे त्यात एक पैसाही हक्काने जमा होत नाही. तीच चादर हैदराबादच्या व्यापाऱ्याने विक्रीसाठी नेली तर राज्याचा हिस्साही अखेर तेलंगणाकडे जातो, कारण हा कर जेथे माल वापरला जातो तेथील सरकारला मिळतो. टॉवेल परदेशी गेला तर करच नाही. निर्यातीवर कर नसावा हे अगदी योग्य आहे. परंतु उत्पादक शहराच्या पदरात त्याच्या उत्पादनातून थेट काय पडते, हे यावरून कळावे.

दुसरीकडे खर्चाची बाजू पाहू. १९९२ साली सोलापूरची हद्दवाढ झाली आणि शहराचे क्षेत्र सुमारे १७८ चौरस किलोमीटर झाले. २०११ च्या जनगणनेत लोकसंख्या ९ लाख ५१ हजारांच्या घरात होती. ‘हद्दवाढ भाग’ हा शब्द आपण अजूनही वापरतो, यातच सारे आले. तीन दशके उलटूनही तो भाग शहरात पूर्णपणे मुरलेला नाही. तेथील जलवाहिन्या, मलवाहिन्या, रस्ते यांचा खर्च जुन्या गावठाणाच्या उत्पन्नावर पडला. उजनी धरणात पाणी असते, शहरात मात्र ते काही दिवसांआड येते. कारण प्रश्न केवळ धरणाचा नसून वाहिनीचा, पंपाचा, टाकीचा, वितरणाचा आणि विजेच्या बिलाचाही आहे.

अशी मोठी कामे आता अनुदानावर होतात. जानेवारी २०१६ मध्ये ‘स्मार्ट सिटी’साठी निवडलेल्या पहिल्या वीस शहरांत सोलापूर होते. योजनेत केंद्राने प्रत्येक शहरासाठी ५०० कोटी रुपयांपर्यंत साहाय्य ठरविले होते आणि तेवढाच वाटा राज्य व शहर यांनी मिळून उचलावयाचा होता. कामासाठी स्वतंत्र कंपनी स्थापन झाली. रस्ते झाले, काही जागांचे रूप पालटले, याबद्दल कृतज्ञता असावीच. परंतु अनुदानातून उभारलेल्या वास्तूची देखभाल पुढे कोणाच्या पैशातून व्हावयाची? लग्नात मामाने गाडी भेट दिली तरी इंधन आपल्यालाच भरावे लागते. देखभालीचा रुपया महसुली उत्पन्नातूनच यावा लागतो, आणि तेच उत्पन्न शहराच्या हातून निसटले आहे.

आता शहराच्या स्वतःच्या हाती उरला तो मुख्यतः मिळकतकर. येथे मात्र आपल्यालाही आरशात पाहावे लागेल. घरपट्टीचे बिल कपाटात ठेवून देण्याची सवय गरिबांपेक्षा सुस्थितीतील घरांत कमी आहे, असे छातीठोकपणे म्हणता येईल का? थकबाकीवर दरमहा २ टक्के शास्ती लागते, ती वाढत जाते, मग महापालिका ‘अभय योजना’ जाहीर करते आणि शास्ती माफ होते. एप्रिलमध्येच कर भरणाऱ्याला थोडीशी सूट मिळते, आणि पाच वर्षे न भरणाऱ्याला त्याहून मोठी. कोणत्याही पेढीने उधारीचा असा व्यवहार केला तर चांगली गिऱ्हाईके हळूहळू उधारीकडे वळतील. शहराचे नेमके तेच होत असते. बिल नीट वाचले तर आणखी एक गोष्ट दिसेल. त्यातील शिक्षण कर आणि रोजगार हमी कर हे शहराचे नाहीत. ते राज्याचे आहेत, महापालिका ते केवळ गोळा करून पुढे भरते. बिलाचा एकूण आकडा पाहून आपण पालिकेला बोल लावतो, पण तो सारा आकडा तिच्या वाट्याला जात नाही.

अंदाजपत्रक हाती आले तर ते कसे पाहावे, हे आपल्या माणसांना सांगण्याची खरे तर गरज नाही. रोजमेळ आणि खतावणी वाचणाऱ्याला ते अवघड नाही. तरी एक खूण सांगतो. भाषणातला एकूण आकडा सोडून द्यावा आणि आतील तीन रकाने शेजारी शेजारी पाहावेत : गेल्या वर्षी प्रत्यक्ष किती जमले, चालू वर्षाचा सुधारित अंदाज किती, आणि पुढील वर्षी किती जमतील असे म्हटले आहे. मिळकतकरासमोर पहिल्या रकान्यापेक्षा तिसरा फारच मोठा असेल आणि वसुलीची नवी व्यवस्था काही दिसत नसेल, तर त्या फुगवट्यावर बेतलेली कामे होणार नाहीत, हे एप्रिलमध्येच समजून घ्यावे. नंतर आस्थापना खर्च पाहावा, कारण वेतन आणि निवृत्तिवेतन आधी जाते, उरले तर रस्ता. मार्च २०२२ मध्ये लोकनियुक्त सभागृहाची मुदत संपल्यानंतर कित्येक वर्षे निवडणूक झाली नाही आणि प्रशासकांनीच अंदाजपत्रक मांडले व प्रशासकांनीच मंजूर केले. त्या काळात सभागृहातील गोंगाट नव्हता हे खरे. पण त्या गोंगाटातच कधीतरी एखादा नगरसेवक उभा राहून ‘ही रक्कम कोठून आणणार?’ असे विचारीत असे, तो प्रश्नही नव्हता.

ज्यांची वही स्वच्छ असते, त्यांना बाजारात पैसा मिळतो, हे शहरांनाही लागू आहे. अहमदाबाद महापालिकेने १९९८ साली राज्याच्या हमीवाचून १०० कोटींचे रोखे काढले. पुण्याने २०१७ साली पाणीपुरवठा योजनेसाठी २०० कोटी रुपये रोख्यांतून उभारले आणि ते मुंबई शेअर बाजारात नोंदविले. अशा वेळी गुंतवणूकदार शहराचे उत्पन्न, थकबाकी, लेखापरीक्षण सारे तपासून पाहतो. सोलापूरने उद्या असे करावयाचे म्हटले तर तो पहिला प्रश्न हाच विचारील की, स्वतःची जमा किती आणि अनुदान किती. रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या अहवालानुसार भारतातील नागरी संस्थांचे उत्पन्न दशकभर राष्ट्रीय उत्पन्नाच्या सुमारे १ टक्क्यावर थांबलेले आहे. ब्राझीलमध्ये हेच प्रमाण ७.४ टक्के आणि दक्षिण आफ्रिकेत ६ टक्के आहे. म्हणजे दोष एकट्या सोलापूरचा नाही.

तर मग व्यापाऱ्यांनी काय मागावे? जकात परत यावी असे कोणी सुचविणार नाही, मीही नाही. परंतु व्यवसाय कराकडे लक्ष वेधावेसे वाटते. आपण प्रत्येकजण दरवर्षी २,५०० रुपये व्यवसाय कर भरतो, पेढीवरील नोकरांच्या पगारातून तो कापतो आणि भरणा करतो. महाराष्ट्रात १९७५ च्या कायद्याने हा कर राज्याच्या तिजोरीत जातो. तमिळनाडू आणि केरळमध्ये तोच कर स्थानिक संस्था बसवितात आणि स्वतःकडे ठेवतात. संविधानाच्या २७६ व्या अनुच्छेदातही हा कर राज्याच्या किंवा नगरपालिकेसारख्या स्थानिक संस्थेच्या हितासाठी असू शकतो असे स्पष्ट म्हटले आहे. त्यासाठी घटनादुरुस्ती नको, नवा कर नको, नवे दप्तर नको, नाका तर नकोच. सोलापुरातील दुकानदाराचा व्यवसाय कर सोलापूरच्या वहीत जमा व्हावा, एवढाच बदल पुरेसा आहे, आणि तसे झाले तर बाजारात एक नवे दुकान उघडले की शहराच्या जमा बाजूलाही त्याची नोंद होईल. व्यापारी संघटना दर जानेवारीत दिल्लीला प्राप्तिकराविषयी निवेदने पाठवितात. या वर्षी एक निवेदन राज्याचा अर्थसंकल्प येण्यापूर्वी मुंबईलाही पाठवावे, आणि त्याची एक प्रत इंद्रभुवनात महापालिका आयुक्तांकडे द्यावी.